जोगान्जी : डोंगरातून कोसळणारी नदी

आज एका नदीची गोष्ट सांगायची आहे. पण तिची सुरुवात करतो एका दगडापासून.

जपानच्या मुख्य बेटाच्या पश्चिम किनाऱ्यावर तोयामा नावाचा प्रांत आहे. समोर समुद्र, पाठीशी बर्फाचे डोंगर आणि मध्ये भाताची सपाट शेतं. या शेतांच्या कडेला, नदीच्या बांधावर, निशी-ओमोरी नावाच्या ठिकाणी एक अजस्र धोंडा बसलेला आहे. उंची सुमारे ७ मीटर. भोवती फेरी मारायची तर ३० मीटरांहून अधिक चालावं लागतं. आजूबाजूला डोंगर नाही, खडक नाही. मग हा धोंडा आला कुठून? कोणी आणला?

तो नदीने आणला. १८५८ साली आलेल्या एका पुरात तो डोंगराकडून वाहत आला आणि इथे थांबला. पुढे त्याच धोंड्याने बांधाला आधार दिला, म्हणून लोक त्याला पाण्याचा देव मानू लागले. असे मोठमोठे धोंडे त्या मैदानात आणखीही आहेत.

घराएवढा दगड खेळण्यासारखा ढकलत आणणारी ही नदी आहे तरी केवढी? तिचं नाव जोगान्जी. उगमापासून समुद्रापर्यंत तिची लांबी आहे अवघी ५६ किलोमीटर. एस.टी.ने निघालात तर दीड-दोन तासांत संपेल एवढी! आपल्या गोदावरीशेजारी ती ठेवली तर नकाशात दिसायचीसुद्धा नाही. पण तिची ताकद लांबीत नाही, उतारात आहे.

शिक्षक बंधुभगिनींनी इथे फळ्यावर एक साधं गणित मांडावं. गोदावरी त्र्यंबकेश्वराजवळ सुमारे हजार मीटर उंचीवर उगम पावते आणि १,४६५ किलोमीटर चालून समुद्राला मिळते. म्हणजे एका किलोमीटरला ती सरासरी एक मीटरसुद्धा खाली उतरत नाही. जोगान्जी उगम पावते कितानोमाता नावाच्या २,६६१ मीटर उंचीच्या शिखरावर आणि ५६ किलोमीटरांत समुद्र गाठते. भागाकार करून पाहा. किलोमीटरला सरासरी ४७ मीटर उतार! गोदामाई चालते, तर ही नदी जिन्यावरून उड्या टाकत येते. हिच्याच एका उपनदीवर शोम्यो नावाचा धबधबा आहे. चार टप्प्यांत तो ३५० मीटर खाली पडतो, आणि जपानातला सर्वांत उंच धबधबा म्हणून तो प्रसिद्ध आहे.

या नदीच्या माथ्यावर तातेयामा हा पर्वत आहे. त्याचं सर्वांत उंच शिखर ३,०१५ मीटर. जपानी लोक त्याला फार पवित्र मानतात; शेकडो वर्षांपासून त्याची यात्रा चालत आली आहे. हिवाळ्यात समुद्रावरचे दमट वारे या डोंगरांना येऊन अडतात आणि बर्फ टाकतात. किती? वरच्या भागात रस्ता मोकळा करण्यासाठी बर्फ कापतात, तेव्हा रस्त्याच्या दोन्ही बाजूंना काही वर्षी जवळजवळ २० मीटर उंचीच्या बर्फाच्या भिंती उभ्या राहतात. वसंतात हा सगळा बर्फ वितळतो. त्यापाठोपाठ पावसाळा आणि वादळं. म्हणजे वर्षातून दोनदा नदीला भरपूर पाणी.

आता पाण्याबरोबर माती आली. डोंगर ठिसूळ, उतार तीव्र, पाऊस-बर्फ अमाप. तेव्हा नदी डोंगर खरवडत खाली येते. डोंगरातून बाहेर पडून सपाटीवर आली की तिचा वेग मोडतो आणि हातातलं ओझं ती तिथेच टाकते. आधी मोठे धोंडे, मग गोटे, मग वाळू, मग गाळ. हजारो वर्षं असं ओझं टाकून टाकून नदीने पंख्याच्या आकाराचं एक मैदान तयार केलं आहे. तोयामाची भातशेती पिकते ती याच मैदानावर. म्हणजे ज्या मातीवर शेतकरी जगतो ती नदीनेच दिलेली, आणि जिच्या भीतीने त्याला रात्री झोप येत नसे तीही हीच नदी.

ही भीती जुनी आहे. सोळाव्या शतकात, १५८०च्या दशकात, सास्सा नारिमासा नावाचा सरदार तोयामावर राज्य करीत होता. नदी डोंगरातून बाहेर पडते तिच्या जवळच त्याने दगडांचा मजबूत बांध घातला. त्याचं राज्य काही फार टिकलं नाही. १५८५ साली तो हिदेयोशीला शरण गेला. पण लोक त्याच्या लढाया विसरले तरी बांध विसरले नाहीत. आजही तो त्याच्याच नावाने ओळखला जातो. त्याच्या मागून आलेल्या राज्यकर्त्यांनीही बांध घातले, वाढवले, पुन्हा बांधले. अडीचशे वर्षं लोकांनी नदीशी असा कसाबसा संसार केला.

आणि मग १८५८ साल उजाडलं.

९ एप्रिलची रात्र होती. मध्यरात्र उलटून गेली होती. एकाएकी भूकंपाचा जबरदस्त धक्का बसला. नदीच्या वरच्या अंगाला, तातेयामाच्या दक्षिणेला, मोठ्या कढईसारखं एक खोलगट खोरं आहे. पूर्व-पश्चिम सुमारे साडेसहा किलोमीटर, दक्षिण-उत्तर सुमारे साडेचार किलोमीटर. या कढईच्या काठावर तोंबी नावाचा डोंगर होता. तोंबी म्हणजे घार. त्या रात्री हा डोंगर कडाडला आणि कढईत कोसळला. एखादी दरड पडली असं समजू नका. डोंगरच्या डोंगर खाली आला. किती माती पडली याचा अंदाज तज्ज्ञांनी केला आहे : सुमारे ४१ कोटी घनमीटर. खोऱ्यात गरम पाण्याच्या झऱ्यांचं एक ठिकाण होतं. तिथली माणसं जागच्या जागी गाडली गेली.

या मातीने वरच्या दोन नद्या अडवल्या. एक युकावा, दुसरी माकावा. या दोघींच्या संगमातून पुढे जोगान्जी होते. डोंगरावर बर्फ वितळत होता, पाणी तुंबत होतं, आणि ते अडवून धरायला होता नुसता भुसभुशीत मातीचा ढीग. कुठे दगडी गाभा नाही, कुठे सांडवा नाही. श्रोतेहो, ज्यांनी पाझर तलाव फुटताना पाहिला असेल त्यांना पुढचं सांगायला नको. २३ एप्रिलला पहिला ढीग फुटला. चिखल, धोंडे आणि उन्मळलेली झाडं यांचा लोंढा मैदानावर आला. लोक त्यातून सावरताहेत तोच ७ जूनला दुसरा लोंढा आला. तो पहिल्याहून मोठा होता. या दुसऱ्या लोंढ्यात सुमारे १४० माणसं मेली, सोळाशेंहून अधिक घरं गेली. भाताची शेतं दगडगोट्यांखाली गेली. निशी-ओमोरीचा तो धोंडा त्याच वर्षीच्या पुराने आणून ठेवलेला आहे.

पूर आला, ओसरला. पण खरं संकट पुढेच होतं. वरच्या कढईत कोसळलेली माती अजून तशीच पडून होती. दरवर्षी पाऊस आला की नदी त्यातली थोडी उचलायची, खाली आणायची आणि आपल्याच पात्रात टाकायची. पात्र वर वर येऊ लागलं. लोक बांध उंच करीत, तर पात्र आणखी वर येई. शेवटी काही ठिकाणी नदी शेतांच्या आणि घरांच्या वरून वाहू लागली. जपानी भाषेत अशा नदीला ‘छतावरची नदी’ अशा अर्थाचं नाव आहे. खाली माणूस झोपलेला आणि डोक्यावर नदी! बांधाला भगदाड पडलं की पाणी नुसतं पसरत नसे, ते वरून खाली कोसळत असे.

त्या काळात तोयामा हा शेजारच्या इशिकावा प्रांताला जोडलेला होता. इशिकावाच्या लोकांना पैसा रस्त्यांवर खर्च व्हावा असं वाटे. तोयामाच्या लोकांचा जीव नद्यांच्या पुरात अडकलेला. ‘आधी बांध’ की ‘आधी रस्ते’ यावर वाद झडले. अखेर १८८३ साली तोयामा वेगळा प्रांत झाला. पुरांमुळे एका प्रांताचा नकाशा बदलला असं म्हटलं तर त्यात अतिशयोक्ती नाही.

१८९१च्या जुलैमध्ये पुन्हा भयंकर पूर आला. या वेळी सरकारने एका परक्या इंजिनिअरला तोयामात पाठवलं. त्याचं नाव योहानिस डे रेके. हा हॉलंडचा. १८७३ साली तो जपानात आला आणि जवळजवळ तीस वर्षं तिथे राहिला. हॉलंड हा देश समुद्राच्या पाण्याशी झगडून उभा राहिलेला. तिथल्या माणसाला बांधबंदिस्ती म्हणजे घरचीच विद्या. पण हॉलंडच्या नद्या सपाटीवरून संथ वाहणाऱ्या. असा माणूस तोयामात आला आणि इथल्या नद्या पाहून म्हणाला, “ही नदी नव्हे, हा धबधबा आहे!” हे उद्गार त्याच्या तोंडी घालतात खरे; ते नेमके कोणाचे आणि कोणत्या नदीविषयीचे, यावर अभ्यासकांत वाद आहे. पण ते टिकून राहिले, कारण ते तिथल्या प्रत्येकाला पटले.

डे रेकेने काय केलं ते शेतकरी बंधूंनी जरा लक्ष देऊन ऐकावं. त्याने नदीचा काठ तपासला. त्याच्या लक्षात आलं की डाव्या काठावर बांध बारा ठिकाणी फोडलेला आहे. कोणी फोडला? शेतकऱ्यांनीच. वेगवेगळ्या पाटांनी आपापल्या शेतांना पाणी नेण्यासाठी बारा मुखं केली होती. पाणी तर हवंच. भात पाण्यावाचून कसा पिकणार? पण बांधाला पाडलेलं प्रत्येक मुख म्हणजे पुराला उघडून दिलेलं दार. साध्या दिवसांत ज्या मुखातून पाणी शेतात जाई, त्याच मुखाशी पुराच्या दिवसांत बांध कच्चा ठरे.

डे रेकेची योजना अशी : ही बारा मुखं बंद करायची. वरच्या अंगाला, नदी डोंगरातून बाहेर पडते तिथे, पक्क्या खडकात एकच मुख करायचं. तिथून एक मोठा कालवा बांधाच्या आतल्या बाजूने काढायचा आणि त्यातून बाराही पाटांना पाणी वाटून द्यायचं. १८९३ साली हे काम पुरं झालं. सांगायला सोपं वाटतं, पण विचार करून पाहा. पिढ्यान्पिढ्या ज्या मुखावर आपला हक्क, ते बुजवायचं आणि सगळ्यांच्या सामाईक पाण्यातून आपला वाटा घ्यायचा. आपल्याकडे पाण्याच्या पाळीवरून काय होतं हे कोणाला सांगायला नको! पण तोयामाच्या शेतकऱ्यांपुढे दोनच मार्ग होते. वेगवेगळं पाणी घेऊन एकत्र बुडायचं, किंवा एकत्र पाणी घेऊन वाचायचं. तो सामाईक कालवा आजही शेतांना पाणी देतो आहे.

या नदीवर आणखी एका प्रकारचे बांध आहेत. त्यांना ‘धुक्याचे बांध’ अशा अर्थाचं जपानी नाव आहे. हे बांध सलग नसतात. मधे मधे फट ठेवलेली असते, आणि एका बांधाचं शेपूट दुसऱ्या बांधाच्या डोक्यामागे दडलेलं असतं. पूर आला की थोडं पाणी त्या फटीतून मागे शिरतं, शेतात संथ उभं राहतं, आणि पूर ओसरला की त्याच वाटेने नदीत परत जातं. वर कुठे बांध फुटला तरी बाहेर पडलेलं पाणी पुढच्या फटीतून पुन्हा नदीत येतं. नदीला अडवायचं, पण थोडी वाटही ठेवायची.

एवढं करूनही मूळ दुखणं राहिलंच. खाली कितीही शहाणपण केलं तरी वरून दगडमाती येतच होती. गळक्या छपराखाली घमेली ठेवून घर कोरडं राहत नाही. कोणीतरी छपरावर चढलं पाहिजे. १९०६ साली तोयामा प्रांताने त्या कढईत, डोंगराच्या पोटात, बंधारे घालायला सुरुवात केली. माणसं डोक्यावर, पाठीवर सामान घेऊन वर गेली. बंधारे उभे राहिले. १९१९च्या आणि १९२२च्या पुरांनी ते उद्ध्वस्त केले. सोळा वर्षांचं काम वाहून गेलं. हे काम एका प्रांताच्या आवाक्याबाहेरचं आहे हे सगळ्यांना कळून चुकलं, आणि १९२६ साली ते जपानच्या केंद्र सरकारने आपल्याकडे घेतलं.

या कामाचा प्रमुख म्हणून जो माणूस आला त्याचं नाव अकागी मासाओ. त्याच्याविषयी एक गोष्ट सांगतात, ती शिक्षकांनी मुद्दाम ऐकण्यासारखी आहे. १९१० साली जपानात मोठे पूर आले होते. अकागी तेव्हा तोक्योत विद्यार्थी होता. त्याच्या शाळेचे प्रमुख होते नितोबे इनाझो, हे फार मोठे विद्वान. त्यांनी मुलांसमोर भाषण केलं आणि विचारलं की, युद्धात नाव मिळवणारे पुष्कळ असतात. पण पुरापासून लोकांना वाचवण्याच्या, कोणाच्या नजरेत न भरणाऱ्या कामाला आयुष्य वाहून घेणारा तुमच्यात कोणी आहे का? त्या मुलांत बसलेल्या अकागीने मनाशी निश्चय केला. तो वनशास्त्र शिकला, पुढे ऑस्ट्रियाला गेला, आल्प्स पर्वतातले ओढे कसे आवरतात ते पाहून आला, आणि मग या नदीच्या डोंगरात येऊन उभा राहिला. गुरुजनहो, वर्गात बोललेला शब्द कुठे जाऊन रुजेल हे सांगता येत नाही.

अकागीने जे काम केलं त्याला जपानी भाषेत ‘साबो’ म्हणतात. ‘सा’ म्हणजे वाळू, ‘बो’ म्हणजे आवर घालणं. वाळू आवरणं! हा शब्द आता इतर देशांतले इंजिनिअरही जसाच्या तसा वापरतात.

साबोचा बंधारा आणि आपलं धरण यांत एक मोठा फरक आहे. धरण पाणी साठवायला बांधतात. ते गाळाने भरलं की आपण म्हणतो, धरणाचं आयुष्य संपलं. साबोचा बंधारा मात्र मातीने भरावा म्हणूनच बांधतात. तो भरला की त्याचं काम सुरू होतं. कसं ते पाहू. बंधाऱ्यामागे दगडमाती साठली की तिथे ओढ्याचा तळ वर येतो, रुंद होतो, सपाट होतो. उतार कमी झाला की पाण्याचा जोर मोडतो आणि ते हातातले धोंडे खाली टाकतं. दुसरं असं की, पाणी ओढ्याचा तळ खोल खोल खणत जातं म्हणून बाजूच्या डोंगराचा पायथा सुटतो आणि धस कोसळते. तळ भरून वर आला की डोंगराच्या पायाला टेकू मिळतो. शेतातल्या ओघळीला आपण दगडांची ताल घालतो, त्यामागे माती साठते आणि ओघळ बुजत जाते, त्यातलाच हा प्रकार. फक्त राक्षसी मापाचा.

शिक्षकांना हे मुलांना सहज दाखवता येईल. शाळेच्या आवारात कोपऱ्याला मातीचा ढीग घाला. त्यात वरपासून खालपर्यंत बोटाने एक ओघळ काढा. वरून तांब्याने पाणी ओता. ओघळ खोल होईल, कडा ढासळतील, खाली चिखल साचेल. मग तसाच दुसरा ढीग करा, ओघळीत आडव्या चपट्या दगडांच्या पायऱ्या बसवा आणि तेवढंच पाणी तेवढ्याच वेगाने ओता. खाली आलेल्या चिखलाची तुलना मुलांनाच करू द्या. अकागीने तातेयामात जे केलं ते अर्ध्या तासात त्यांच्या ध्यानात येईल.

कढईतलं पाणी जिथून बाहेर पडतं त्या चिंचोळ्या जागी अकागीच्या योजनेप्रमाणे शिराइवा बंधारा उभा राहिला. १९२९ साली काम सुरू झालं, १९३९ साली पुरं झालं. मुख्य बंधाऱ्याची उंची ६३ मीटर. त्याच्या पायाशी आणखी छोटे बंधारे पायऱ्यांसारखे आहेत. सगळे मिळून पाणी १०८ मीटर खाली उतरतं. जपानातला हा सर्वांत उंच साबो बंधारा. मनात असं चित्र आणा की वरची सगळी माती हे एक बूच धरून बसलं आहे. याच्या बऱ्याच खाली होंगू नावाचा बंधारा १९३७ साली पुरा झाला. त्याच्या पोटात सुमारे ५० लाख घनमीटर दगडमाती मावते. आणि वर कढईत, दोरोदानी नावाच्या घळीत, १९३८ साली एकाखाली एक असे पुष्कळ बंधारे घातले. दोरोदानी म्हणजे चिखलाची घळ. जिथे चिखलाखेरीज काही नव्हतं, तिथे आज दोन्ही बाजूंना हिरवी झाडी आहे. माती थांबली आणि मग झाड उभं राहिलं.

हे तीनही बंधारे आता जपानने राष्ट्राच्या सांस्कृतिक ठेव्यात गणले आहेत. शिराइवा २००९ साली आणि होंगू व दोरोदानी २०१७ साली. देवळं आणि राजवाडे यांच्या पंगतीत मातीच्या बंदोबस्ताचे बंधारे जाऊन बसले.

एवढं सिमेंट, एवढं सामान डोंगरात नेलं कसं? त्यासाठी एक छोटी रेल्वे बांधली. रूळ दोन फुटी. आपल्या नेरळ-माथेरानच्या गाडीएवढेच. लांबी १८ किलोमीटर. चढ इतका अवघड की गाडी सरळ जाऊच शकत नाही. ती थोडी पुढे जाते, थांबते, मग उलटी वर चढते, पुन्हा थांबते, पुन्हा पुढे. असं पुढे-मागे करत ती ३८ ठिकाणी दिशा बदलते. त्यातली १८ वळणं एका ठिकाणी लागोपाठ आहेत. ही गाडी प्रवाशांची नाही, कामगारांची आणि सामानाची आहे. वर बर्फ असल्यामुळे काम करायला वर्षातले उन्हाळ्यापासून शरदापर्यंतचे थोडेच महिने मिळतात. बर्फ वितळला की माणसं वर जातात, आधी हिवाळ्यात रुळांचं काय झालं ते पाहतात, दुरुस्त करतात, मग कामाला लागतात. बर्फ पडायला लागला की खाली येतात.

डोंगरात हे चालू असताना खाली मैदानातही हात बांधून कोणी बसलं नव्हतं. दुसऱ्या महायुद्धानंतर नदीच्या पात्रात साठलेली दगडवाळू यंत्रांनी उपसली. काठाजवळ पाण्याची धार वळवण्यासाठी काँक्रीटचे भक्कम अडसर घातले. वरून पाहिलं तर त्यांचा आकार पिस्तुलासारखा दिसतो, म्हणून त्यांना ‘पिस्तूल’ हेच नाव पडलं. वरून येणारी माती कमी झाली, खालची उपसली गेली, तेव्हा कुठे नदीचं पात्र खाली जाऊ लागलं.

आता तुम्ही विचाराल, मग काम संपलं ना? नाही. १८५८ साली कोसळलेल्या मातीपैकी सुमारे निम्मी, म्हणजे जवळजवळ २० कोटी घनमीटर, अजून वर कढईत आहे. एका ट्रकमध्ये १० घनमीटर माती धरली तर दोन कोटी ट्रक भरतील एवढी! आणि खाली मैदानात तोयामा शहर आहे. त्याची वस्ती चार लाखांवर आहे. म्हणून दर उन्हाळ्यात ती छोटी गाडी वर जाते. आजा गेला, बाप गेला, आता नातू जातो. जिथून गाडी सुटते त्या सेंजुगाहारा या ठिकाणी १९९८ साली या सगळ्या कामाचं एक संग्रहालय उघडलं आहे. नदीच्या खोऱ्यातल्या मुलांना आपल्या डोक्यावर काय आहे ते तिथे पाहायला मिळतं.

शेवटी एका म्हाताऱ्या बाईची हकीगत सांगतो. कोदा आया या जपानच्या नामवंत लेखिका. डोंगर कसे कोसळतात हे स्वतःच्या डोळ्यांनी पाहायचं असं त्यांनी म्हातारपणी मनावर घेतलं. १९७६ साली, वयाच्या बहात्तराव्या वर्षी, त्या तोंबीची कोसळलेली जागा पाहायला निघाल्या. वाट अवघड, त्यांना चालवेना. तेव्हा त्यांना पाठीवर घेऊन वर नेलं. त्यांनी ती जागा पाहिली आणि तिच्यासारख्याच इतर ठिकाणांवर एक पुस्तक लिहिलं. मला या हकिगतीचं फार वाटतं. शहरात सुखाने राहणाऱ्या बाईला तिथे जायचं काय अडलं होतं? पण आपण ज्या मैदानावर राहतो त्याच्या वर काय चाललं आहे, हे एकदा तरी जाऊन पाहावं, असं त्यांना वाटलं.

आपण नदी पाहतो ती गावाच्या घाटावर. तिथे पूर आला की आपण नदीला दोष देतो. जोगान्जीच्या काठच्या शेतकऱ्यांनीही आधी तेच केलं. त्यांनी बांध उंच केले आणि नदी आणखी उंच झाली. मग त्यांनी आपली बारा मुखं बुजवून एक केलं, आणि मग ते नदीच्या मागोमाग वर चढत गेले, माती सुटते त्या जागेपर्यंत. एवढं समजायला त्यांना तीनशे वर्षं लागली आणि फार मोठी किंमत द्यावी लागली.

निशी-ओमोरीचा तो धोंडा अजून बांधावर आहे. येणारे-जाणारे त्याच्यापुढे हात जोडतात, आणि उन्हाळा लागला की त्याच गावांवरून दूर दिसणाऱ्या डोंगरात ती दोन फुटी गाडी सिमेंट घेऊन पुढे-मागे करत चढू लागते.